वधूपक्षाचे बूथकरी

माझ्या बहिणीच्या लग्नात माइक माझ्या हाती आला, कारण आमच्या घरात मराठी मोठ्यानं बोलणारा मी एकटाच आहे. बाकीचे मराठी हळू आवाजात बोलतात. आवाज चढवायची वेळ आली की तेलुगूत शिरतात, आणि भांडण खरंच मनापासून असेल तर दखनीत. आमच्या पिढ्या हैदराबादेत गेल्या, त्यामुळं भाषांना अशी कामं वाटून दिलेली आहेत. मराठीकडं देवपूजा, भाजी आणि लाड एवढंच खातं उरलंय.

पण वऱ्हाड उदगीरहून येणार होतं. उदगीरच्या माणसांसमोर सगळं मराठीत झालं पाहिजे असं पप्पांनी ठरवलं आणि माझ्याकडं बघितलं. मी एका कंपनीत दिवसभर परदेशातल्या चिडलेल्या लोकांना फोनवर शांत करतो.

"तुला सवय आहे," पप्पा म्हणाले.

लग्नाच्या आदल्या दिवशी आजोबांनी मला गच्चीवर बोलावलं. नल्लकुंट्याच्या आमच्या घरात गंभीर विषय गच्चीवर होतात, कारण खाली टीव्ही असतो.

"बबलू, उद्या भेटी तूच पुकारणार ना?"

"हौ आजोबा."

भेटी म्हणजे, वऱ्हाड हॉलच्या दारात आलं की दोन्हीकडची मोठी माणसं समोरासमोर उभी राहतात. माइकवरून नातं पुकारायचं. वडलांना वडील, मामाला मामा, काकाला काका, भावाला भाऊ. एकमेकांच्या गळ्यात हार घालायचे, मग गळाभेट, मग फोटो. नियम एकच, जोड जुळली पाहिजे. एका बाजूला चार मामा असले आणि समोर एकच असला, तर त्या एकट्याला चौघांच्याही गळ्यात पडावं लागतं. असे मामा मी पाहिलेत. शेवटी त्यांना धरून खुर्चीवर बसवतात आणि थम्सअप देतात.

"मामांच्या भेटी झाल्या की," आजोबा म्हणाले, "लगेच बूथकऱ्याची भेट पुकार."

मी हो म्हणून टाकलं. आमच्या घरात हा शब्द मामा-काकाइतकाच जुना आहे. तो उदगीरच्या लोकांना माहीत नसेल, हे माझ्या डोक्यातच आलं नाही. हैदराबादेत वाढलेल्या पोराचा हा घोटाळा असतो. मराठी फक्त घरात ऐकलेली असते, त्यामुळं कुठला शब्द मराठीतला आणि कुठला फक्त आपल्या घरातला, हे बाहेर पडल्याशिवाय कळत नाही.

तुम्हीही तो ऐकला नसेल. म्हणून सांगतो.

आजोबांचं नाव नामदेवराव. विद्यानगरात, युनिव्हर्सिटीकडं जाणाऱ्या रस्त्याच्या कडेला त्यांचा दुधाचा बूथ होता. पत्र्याचा, निळा, उन्हाळ्यात आत बसलं की अंडी आपोआप उकडतील असा. सकाळी दूध संपलं की आजोबा दिवसभर पाव आणि उपदेश विकत बसायचे. उपदेश जास्त खपायचा, कारण तो फुकट होता.

त्या दिवसांत संभाजीकाका खिशात टेलिफोन खात्याची परवानगी घेऊन हिंडत होते. एसटीडी बूथची परवानगी मिळाली होती, जागा मिळत नव्हती. जागावाले आधी नाव विचारायचे, मग गाव, मग आडनाव. आडनाव ऐकलं की जागा आपल्या मेव्हण्याला द्यायचं कबूल केलंय हे त्यांना आठवायचं. संभाजीकाका सांगायचे, तेवढे मेव्हणे आख्ख्या आंध्रात नसतील.

आजोबांनी आडनाव विचारलं नाही. त्यात थोरपणा काही नव्हता. त्यांना दुपारी बोलायला कुणी नव्हतं. समोर उभा असलेला माणूस नांदेडकडची मराठी बोलतोय हे ऐकलं आणि म्हणाले, "अर्ध्यात बसता का?"

बूथच्या मधोमध प्लायवूडची फळी लागली. अलीकडं दूध, पलीकडं फोन. ट्यूबलाइट एकच होती, ती फळीच्या डोक्यावरून आडवी गेली होती. बटण आजोबांच्या बाजूला आणि स्टार्टर संभाजीकाकांच्या. म्हणजे उजेड पाडायचा तर दोघांचं एकमत लागायचं. भांडण झालं की विद्यानगरात आमचाच बूथ अंधारात असायचा, आणि गिऱ्हाइकं समजून घ्यायची. बॅटरी घेऊन नंबर फिरवायची.

आता प्रश्न असा आला, की हे तुमचे कोण असं विचारलं तर काय सांगायचं? पार्टनर म्हणावं तर धंदे वेगळे. शेजारी म्हणावं तर शेजाऱ्याला निदान स्वतःची ट्यूबलाइट असते. दोस्त म्हणावं तर दोघांचं पटत नव्हतं. आजोबांना गाणी लावायची असायची, संभाजीकाकांना बातम्या, आणि रेडिओही एकच. एकदा एका हवालदारानं विचारलं, "ये कौन है जी तुम्हारे?" आजोबा शेतकरी घरातले. गावकरी, वाटेकरी, मानकरी असेच शब्द तोंडात. म्हणाले, "इनो हमारे बूथकरी."

"अच्छा, बूथकरी साब हैं," हवालदार म्हणाला आणि सलाम ठोकून गेला. त्याला ती एखादी पदवी वाटली असावी. संभाजीकाका त्या दिवशी ताठ बसले होते म्हणे.

तर, बूथकरी म्हणजे बूथच्या दुसऱ्या अर्ध्यात बसणारा. हा झाला पहिला अर्थ, आणि तो अगदीच कच्चा आहे. कारण लवकरच दोघं एकमेकांच्या अर्ध्यात बसायला लागले. आजोबा दवाखान्यात गेले की संभाजीकाका दूध द्यायचे. संभाजीकाका जेवायला गेले की आजोबा लोकांना दुबई लावून द्यायचे. एकदा सौदीतलं दम्माम लावायचं तर मध्य प्रदेशातलं दमोह लावलं, आणि दमोहचा माणूस बराच वेळ बोललाही. त्यातून शब्दाचं क्रियापद झालं. आमची आजी अजून म्हणते, "जरा दुधाकडं बूथकरी कर, मी आले." म्हणजे तुझं नसलं तरी तुझं समजून बघ. लक्ष ठेव म्हटलं तर दूध उतू जातं, बूथकरी कर म्हटलं तर जात नाही. हा घरचा अनुभव आहे.

मग कानांचा अर्थ. फोनची केबिन काचेची होती, पण काच वरून उघडी. आतलं सगळं बाहेर यायचं. हॉस्टेलची पोरं घरी सांगायची, पास झालो. बायका सौदीतल्या नवऱ्याला सांगायच्या, सगळं ठीक आहे, आणि फोन ठेवून तिथंच भिंतीला टेकून उभ्या राहायच्या. अशा वेळी आजोबा आणि संभाजीकाका दोघंही रस्त्याकडं बघत बसायचे, जणू रस्त्यावर हत्ती चाललाय. मीटरची पट्टी फाडून द्यायचे, तोंडाकडं बघायचे नाहीत. त्यामुळं आमच्याकडं गुपित सांगताना शपथ घालत नाहीत. "बूथकऱ्यात ठेव" म्हणतात. माझी दहावीची मार्कशीट अजून बूथकऱ्यात आहे.

बायकांच्या तोंडी शब्दाला धार यायची. संभाजीकाकांच्या बायको, पंचफुलाकाकू, म्हणायच्या, "लग्न माझ्यासंगं आणि संसार बूथकऱ्यासंगं." आजीही तेच म्हणायची, फक्त भांडी आपटून. मग एक दिवस दोघी भेटल्या, दोघींनी नवऱ्यांबद्दल तासभर बोलून घेतलं, आणि शब्दाचं स्त्रीलिंग जन्माला आलं. बूथकरीण.

पण सगळ्यात मोठी गंमत हाकेत होती. रस्त्यावर आजोबा त्यांना "संभाजी" म्हणायचे आणि ते आजोबांना "नामदेवराव". वयात फारसा फरक नव्हता. फरक कशाचा होता ते दोघांना माहीत होतं, आणि त्यावर दोघंही बोलत नसत. बूथच्या आत मात्र दोन्हीकडून एकच हाक, "ओ बूथकरी!" फळी ओलांडताना इकडचा राव गळायचा आणि तिकडचा एकेरीपणा. मला वाटतं, शब्द त्यासाठीच टिकला.

माझी बहीण प्रियदर्शिनी तान्ही असताना दुपारी तिला फोनच्या केबिनमध्ये झोपवायचे. पंखा तिथंच होता. दुबईशी भांडायला आलेला माणूस आत शिरायचा, पायापाशी झोळीत बाळ दिसायचं, आणि बिचारा कुजबुजत भांडायचा. एक जण तर भांडण अर्ध्यावर सोडून झोळीला झोका देत बसला, आणि मीटर चालू. मी पाठचा. माझ्या वाट्याला केबिन फार आली नाही. माझ्या आठवणीत मीटरचे लाल आकडे आहेत, तापलेल्या पत्र्याचा वास आहे, आणि फळीच्या दोन्हीकडून एकाच वेळी येणारं खोकणं. दोघांनाही खोकला एकत्रच व्हायचा.

मग मोबाइल आले. फोन करायला कुणी येईना. संभाजीकाका तरी रोज यायचे, रिसीव्हर पुसायचे, डायल टोन येतोय का बघायचे आणि बसायचे. आजोबा अधूनमधून स्वतःच्याच घरी फोन लावायचे, आज काय केलंय म्हणून. आजी म्हणायची, तेच केलंय जे घेऊन गेलात. पुढं रस्ता रुंद झाला. क्रेन आली आणि तिनं बूथ एका झटक्यात उचलला, दोन्ही अर्धे एकदम. आजोबांना त्याचं समाधान होतं. निदान वाटणी झाली नाही म्हणाले.

बहिणीनं हा शब्द हायटेक सिटीत न्यायचा प्रयत्न केला होता. ऑफिसात बाजूच्या खुर्चीवरच्या मुलाला ती बूथकरी म्हणाली. आजोबांनी चौकशी केली.

"चहा पाजला का त्यानं तुला कधी?"

"आजोबा, चहाचं मशीन आहे तिथं."

"मग मशीन तुझं बूथकरी."

विषय संपला.

तर गच्चीवर आजोबांनी मला सांगितलं ते वेगळंच होतं. त्रिवेणीआत्याच्या लग्नाची गोष्ट. ते लग्न जमलं तेच बूथच्या फोनवरून. लातूरला फोन लावून लावून संभाजीकाकांना आत्याच्या सासरचा नंबर पाठ झाला होता, कुत्रा किती वाजता भुंकतो तेही. लग्नाच्या दिवशी ते सकाळपासून राबले. भेटी सुरू झाल्या तेव्हा हारांची परडी हातात घेऊन तेच उभे होते. पुकारलेल्या प्रत्येकाला हार काढून देत होते. सगळे पुकारले गेले. लांबच्या चुलत्याचा साडूसुद्धा. परडी रिकामी झाली.

"मला त्या वेळी सुचलंच नाही," आजोबा म्हणाले. "संध्याकाळी सुचलं. संध्याकाळी सुचून काय उपयोग? तो पुढं इतकी वर्षं शेजारी बसला, एका शब्दानं बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं. उद्याचं हे माझ्या हयातीतलं शेवटचं लग्न."

"माझं आहे की अजून."

"तुझं मी धरत नाही," आजोबा म्हणाले. "उद्या चुकवू नको."

लग्नाचा हॉल हिमायतनगरात होता. दाराशी फायबरचे दोन हत्ती होते, त्यातला एक सोंडेतून गुलाबपाणी मारायचा आणि दुसरा बिघडलेला होता. संभाजीकाका आणि पंचफुलाकाकू सगळ्यांच्या आधी आले. काकांचा पांढरा शर्ट इस्त्रीनं कडक झालेला. काकू निळी साडी नेसल्या होत्या. काकांनी मला जय भीम केला, माझ्या फेट्याकडं बघून "बरा दिसतोस, कुणाचा आहे?" असं विचारलं, आणि दोघं जाऊन मागच्या रांगेत, दाराजवळ बसले. पुढं बसा म्हटलं तर काका म्हणाले, "एसी लागतो तिकडं." एसी मागंच जास्त होता.

आमचे हिम्मतमामा, म्हणजे आईचे भाऊ, लग्नात मानपानाचे पोलीसपाटील असतात. त्यांनी मला बिघडलेल्या हत्तीमागं गाठलं.

"माझ्यानंतर कुणाला पुकारणार म्हणे तू?"

"बूथकऱ्याला."

"म्हणजे त्या संभाजीला?"

"संभाजीकाकांना."

"नातं काय?"

"बूथकरी."

"ते नातं आहे का? मामा हे नातं आहे. रक्ताचं."

"नवऱ्याच्या मामाचं आणि तुमचं कुठं रक्ताचं आहे, मामा? तरी मिठी मारणारच ना?"

मामांनी हत्तीकडं बघितलं. "हे बघ, मी जातीचं म्हणत नाही."

मी जातीचं काही विचारलं नव्हतं.

"पद्धतीचं म्हणतो," मामा म्हणाले. "जातीचं नाही. उगाच तुझ्या डोक्यात येईल, म्हणून सांगतो, जातीचं नाही. त्यांच्याकडून जोड कोण आहे ते सांग. जोड नाही तर म्हाताऱ्याला मधोमध उभं करून हसं करणार का?"

हे मात्र खरं होतं, आणि हे मला सुचलं नव्हतं. मी आजोबांकडं धावलो. तोवर बाहेर बँड वाजला. उदगीर आलं होतं.

भेटी सुरू झाल्या. वडील झाले, आजोबा झाले. आमच्याकडं मामा भरपूर आणि नवरदेव विक्रमला मामा एकच. तो सगळ्यांच्या गळ्यात पडून खुर्चीवर गेला, त्याला थम्सअप दिलं. आजोबांनी माझ्याकडं बघितलं. हिम्मतमामांनीही बघितलं. मी माइक तोंडाशी धरला.

"आणि आता, वधूपक्षाचे बूथकरी, श्री. संभाजीराव!"

काका उठेनात. काकूंनी ढोसलं. शेवटी आजोबाच मागं गेले, मनगट धरलं आणि त्यांना गालिच्याच्या मधोमध आणून उभं केलं. हातात हार दिला. काका हार धरून उभे राहिले. समोर वऱ्हाड, आणि वऱ्हाडातून कुणी पुढं येईना.

नवरदेवाचे वडील शिवराजराव रिटायर हेडमास्तर. आपल्याकडून रीतीत काही चुकेल या भीतीनं त्यांना उदगीरपासून झोप नव्हती. ते माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, "बबलूराव, हे बूथकरी मानानं मामाच्या वर का खाली?"

"बरोबरीनं."

"आधी सांगायचं की हो! आम्ही तयारी केली असती. त्यांना फेटा वेगळा असतोय का?"

तोवर वऱ्हाडात कुजबूज पसरली. ही निजामाच्या वेळची पद्धत असणार, असं कुणीतरी म्हणालं. दुसऱ्यानं सांगितलं, हैदराबादच्या मराठ्यांत बूथकऱ्याशिवाय लग्न लागत नाही. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी तर लहानपणी बीदरला बूथकऱ्याची घोड्यावरून मिरवणूक पाहिली होती. घोडा पांढरा होता.

"आमच्याकडून कोण आहे रे बूथकरी?" शिवराजरावांनी वऱ्हाडाला विचारलं. "बूथमध्ये बसलेला कुणी आहे का?"

एक उंच माणूस पुढं ढकलला गेला. तो निवडणुकीत पार्टीच्या वतीनं बूथवर बसला होता. आजोबांनी त्याची तिथंच मुलाखत घेतली.

"बाजूला कोण होतं तुमच्या?"

"विरोधी पार्टीवाला."

"बोलणं झालं का?"

"जेवलो की संगं. त्यांचा डबा चांगला होता."

आजोबांनी विचार केला. "नंतर भेटला?"

"कोर्टात."

आजोबांनी मान हलवली. मग टोलनाक्यावरचा एक भाचा आला. तो बूथमध्ये वर्षभर बसला होता, पण एकटाच. "पण कॅमेरा असतो की वर," तो म्हणाला, "चोवीस तास सोबत." त्यालाही परत पाठवलं. खुर्चीवरच्या मामाला पुन्हा उभं करावं का, अशीही सूचना आली. मामानं नुसता हात हलवला.

लोक आता हसायला लागले होते. कुणावर असं नाही, लग्नात हसतात तसं. पण मधोमध उभ्या माणसाला ते आपल्यावरच वाटतं. संभाजीकाकांच्या हातातला हार खाली आला. "नामदेवराव," ते म्हणाले, "राहू द्या. कशाला?" मागं पंचफुलाकाकू पर्स काखेला लावून उठून उभ्या राहिल्या होत्या. गुरुजी घड्याळ दाखवत होते. हिम्मतमामांनी माइकला हात घातला. "पुढचं पुकार. काका घे."

संभाजीकाका वळले. दारापर्यंत फार अंतर नव्हतं. ते एकदा बाहेर पडले असते, तर आमच्यातल्या कुणीही त्यांना परत आणू शकलं नसतं, आणि आजोबांना अजून एक लग्न मिळणार नव्हतं.

आजोबा गालिचा ओलांडून पलीकडं गेले. सरळ शिवराजरावांसमोर.

"तुमच्याकडचा एक फेटा द्या."

"कुणासाठी?"

"मला."

आमचे फेटे केशरी होते, त्यांचे गुलाबी. आजोबांनी डोक्यावरचा केशरी उतरवून आजीच्या हातात दिला. फेटेवाल्यानं घाईघाईत गुलाबी चढवला, तो जरा तिरका बसला. आजोबा वऱ्हाडाच्या रांगेत जाऊन उभे राहिले आणि तिकडून ओरडले, "पुकार, बबलू!"

"काय पुकारू?"

"वरपक्षाचे बूथकरी."

"अहो, तुम्ही वधूचे आजोबा!" हिम्मतमामा म्हणाले.

"ते मघाशी झालं पुकारून."

"असं बाजू बदलता येत नसतंय!"

"हिम्मतराव," आजोबा म्हणाले, "मामाला कुठलाही मामा चालतो. बूथकऱ्याला तसं नाही. ह्याचा बूथकरी म्हणवणारा माणूस ह्या हॉलात एकच आहे. तो कुठल्या बाजूला उभा राहतोय, ते तुम्ही बघत बसा."

शिवराजराव पुढं झाले. त्यांना हे कायद्यात बसल्याचं बघून इतका आनंद झाला, की त्यांनी स्वतः आजोबांच्या हातात हार दिला. मी पुकारलं. आवाज जरा फाटला, पण उदगीरच्या लोकांना ती पद्धत वाटली असेल.

"वरपक्षाचे बूथकरी, श्री. नामदेवराव!"

संभाजीकाका दारापाशी थांबले होते. वळून बघितलं. गुलाबी फेट्यातल्या आजोबांकडं बोट करून म्हणाले, "हे काय सोंग?"

"या आता," आजोबा म्हणाले. "मुहूर्त चाललाय."

हार घातले. मिठी कशी मारायची ते दोघांनाही येत नव्हतं. आधी दोघांनी एकाच बाजूला मान नेली, मग दोघांनी दुसऱ्या. दोनदा कपाळं आपटली. मग काकांनी वैतागून आजोबांना खांद्याला धरलं आणि जवळ ओढलं, आणि त्यानंतर कुणी हललं नाही. फोटोग्राफर म्हणत होता, "सर, इधर देखो, सर." दोघंही कुठंच बघत नव्हते. मामांच्या मिठ्या दोन फोटोंत आटोपल्या होत्या. ही मिठी इतकी लांबली की बँडवाल्यांना वाटलं कार्यक्रम संपला, आणि त्यांनी वाजवणं बंद केलं. तेवढ्या शांततेत काकांचा आवाज ऐकू आला. "ओ बूथकरी," ते म्हणाले, आणि पुढचं काही ऐकू आलं नाही.

आजीनं केशरी फेट्याच्या शेमल्यानं डोळे पुसले. पंचफुलाकाकू मात्र मोठ्यानं म्हणाल्या, "सोडा आता त्यांना. घाम आलाय."

मग लग्न लागलं. ते तुम्हाला माहीत आहे कसं लागतं.

जेवणाच्या वेळी नवा पेच झाला. शिवराजराव आजोबांचा हात सोडेनात. भेट आमच्या बाजूनं घेतली, तर पानही आमच्याबरोबरच, म्हणाले. त्यांनी आजोबांना वऱ्हाडाच्या मानाच्या टेबलावर, खुर्चीवरच्या मामाच्या शेजारी बसवलं. आजोबा गुलाबी फेट्यात बसले. आता वऱ्हाडाला आग्रह करायचा तर वधूपक्षाच्या मानकऱ्यांनीच. वधूपक्षाचे बूथकरी जिलेबीचं ताट घेऊन निघाले.

"नको," आजोबा म्हणाले.

"असं कसं? वऱ्हाडी माणसानं नको म्हणायचं नसतंय."

"संभाजी, शुगर आहे मला."

"कोण संभाजी?" काकांनी एक जिलेबी वाढली. "घ्या, पाव्हणे. मुलीकडचे आहोत आम्ही. आम्हाला बोल लागंल."

आजोबांनी इकडंतिकडं बघितलं. शिवराजराव भरल्या डोळ्यांनी बघत होते, हा विधी किती जुना असेल या विचारात. आजोबांनी जिलेबी खाल्ली. चव घेत, सावकाश. काकांनी दुसरी वाढली.

माझ्या बाजूला उभ्या हिम्मतमामांच्या घशात बगाऱ्याचा भात अडकला. "अरे, थांबवा की कुणीतरी त्यांना."

"कुणाला, मामा?"

मामा पाणी प्यायले. ग्लास खाली ठेवला. "बूथकऱ्यांना," ते म्हणाले. "म्हाताऱ्याची शुगर वाढंल."

मी माइक उचलला, मग खाली ठेवला. तिकडं काकांनी तिसरी जिलेबी चिमट्यात धरली होती, आणि आजोबांनी ताट थोडं पुढं सरकवलं.